दार कोणी उघडलं ते बघा: मिसिसिपीतल्या स्वयंसेवकांच्या आठवणी वाचताना

महाविद्यालयात इतिहास शिकवणाऱ्या एका बाईंचा प्रश्न आहे. 1964च्या उन्हाळ्यात कृष्णवर्णीयांच्या मतदार नोंदणीसाठी अमेरिकेच्या दक्षिणेतल्या मिसिसिपी राज्यात गेलेल्या स्वयंसेवकांची पत्रं आणि मुलाखती त्यांना बी.ए.च्या मुलांना वाचायला द्यायच्या आहेत. त्या विचारतात की या आठवणींवर भरवसा किती ठेवायचा, त्यांत गोरे विद्यार्थीच इतके का दिसतात, आणि सुरुवात कुठून करायची.

मॅडम, भरवसा जरूर ठेवा. चळवळीतल्या माणसांच्या मुलाखती घ्यायच्या आणि त्या कागदपत्रांशी ताडून बघायच्या, हे माझं बऱ्याच वर्षांचं काम आहे. इतकी भरगच्च साक्ष मागे ठेवणारे लढे मी फार थोडे पाहिलेत. मात्र प्रत्येक कागद कधी लिहिला आणि कोणासाठी लिहिला, हे विचारल्याशिवाय पुढे जाऊ नका. आणि स्वयंसेवक दार ठोठावतो तिथे थांबून ते दार उघडलं कोणी हे शोधा. माझ्या मते या आठवणींचं खरं मोल तिथे आहे.

पत्रांच्याही आधी मुलांच्या हातात नोंदणीचा अर्ज द्या. मिसिसिपीत मतदार यादीत नाव घालायचं तर काउंटीच्या, म्हणजे जिल्ह्याच्या, कचेरीत जाऊन सर्किट क्लार्क या अधिकाऱ्यासमोर 21 प्रश्नांचा अर्ज स्वतःच्या हाताने भरावा लागे. कोणाकडे कामाला आहात, हाही त्यातला एक प्रश्न. मग क्लार्क मिसिसिपीच्या राज्यघटनेच्या 285 कलमांपैकी मनाला येईल ते एक काढून देई. ते कलम उतरवून घ्यायचं आणि खाली त्याचा अर्थ लिहायचा. अर्थ बरोबर की चूक, हे तोच क्लार्क ठरवणार. शिवाय पोल टॅक्स, म्हणजे मत देण्यासाठी भरायचा कर, होताच. त्यात 1962 मध्ये राज्याने कायदाच केला की अर्ज करणाऱ्यांची नावं स्थानिक वर्तमानपत्रात दोन आठवडे छापायची. म्हणजे कापसाच्या मळ्यावर राबणाऱ्या बाईने सकाळी अर्ज भरला, तर मालकाला, सावकाराला आणि गावातल्या गुंडांना तिचं नाव आयतं कळणार. पात्र कृष्णवर्णीयांपैकी सात टक्क्यांहून कमी माणसं यादीत होती, ती अशी. घरातून निघून कचेरीच्या पायऱ्या चढायला काय लागत असेल, हे अर्ज वाचल्याशिवाय पत्रांतून कळत नाही.

आता पत्रांकडे येऊ. मिसिसिपीतल्या नागरी हक्क संघटनांच्या आघाडीचं नाव ‘कोफो’. तिचा कणा म्हणजे ‘स्निक’ ही तरुण कार्यकर्त्यांची संघटना, आणि मोहिमेचे सूत्रधार बॉब मोझेस. जून 1964 मध्ये ओहायो राज्यातल्या ऑक्सफर्ड गावी स्वयंसेवकांची शिबिरं झाली. जामिनासाठी 500 डॉलरची तयारी ठेवून या, असं आधीच सांगितलेलं होतं. मार पडायला लागला की अंग कसं आवळायचं, डोकं कसं झाकायचं, याचे तिथे धडे झाले. रात्री गाडीतला दिवा लागता कामा नये, उजेड पाठीशी घेऊन दारात उभं राहू नका, एकटे कुठे जाऊ नका, पोचलात की फोन करा, असे नियम पाठ करून घेतले. निवड करणाऱ्यांनाही ताकीद होती की स्वतःचं नाव गाजवायच्या इराद्याने येणारा मुलगा घेऊ नका. उन्हाळ्याच्या शेवटापर्यंत सुमारे हजार जण येऊन गेले. बहुतेक गोरे, उत्तरेकडच्या कॉलेजांतले.

त्यांतला एक वीस वर्षांचा अँड्र्यू गुडमन. 20 जूनला तो मेरिडियन गावी पोचला आणि 21 जूनच्या शिक्क्याचं पोस्टकार्ड त्याने न्यूयॉर्कला आईवडिलांना पाठवलं. मजकूर चार-पाच ओळींचा: सुखरूप पोचलो, गाव छान आहे, हवा उत्तम आहे, तुम्ही इथे असायला हवे होतात, माणसं फार चांगली आहेत, स्वागत चांगलं झालं. त्याच दिवशी तो मायकेल श्वर्नर आणि जेम्स चेनी या कार्यकर्त्यांबरोबर नेशोबा काउंटीत गेला. तिथलं माउंट झायन चर्च पाचच दिवसांपूर्वी जाळलं होतं, तिथल्या माणसांना मारहाण झाली होती. तिघे त्यांना भेटायला गेले होते. परतताना डेप्युटी शेरीफने, म्हणजे काउंटीच्या पोलीस प्रमुखाच्या हाताखालच्या अधिकाऱ्याने, त्यांना अटक केली, रात्री साडेदहाच्या सुमारास सोडलं, आणि क्लू क्लक्स क्लॅन या गोऱ्या वर्चस्ववादी गुप्त संघटनेच्या टोळीने त्यांना गाठून ठार केलं. प्रेतं 4 ऑगस्टला मातीच्या एका धरणात पुरलेली सापडली.

हे पोस्टकार्ड वर्गात मोठ्याने वाचून घ्या आणि मुलांना विचारा, यात खोटं काय आहे? खोटं काहीच नाही. हवा चांगली असेल, माणसंही चांगली होती. पण ऑक्सफर्डच्या शिबिरातून आलेल्या मुलाला आपण कशात पाऊल टाकतोय याची कल्पना नव्हती असं कोण म्हणेल? पत्र आईवडिलांना आहे, त्यांना घोर लागू नये म्हणून लिहिलेलं आहे. घरी पाठवलेल्या पत्रांची ही एक बाजू. दुसरी याच्या उलट असते. काही पत्रं मुद्दाम गावच्या वर्तमानपत्रात छापून यावीत, खासदाराच्या टेबलावर जावीत म्हणून लिहिलेली होती, आणि आयांनी ती टंकलिखित करून वाटलीही. अशा पत्रांत धोका जरा गडद होतो आणि लिहिणारा जरा शूर. दोन्ही प्रकार खरेच आहेत, पण एकाच गठ्ठ्यात घालून चालत नाही.

पत्राशेजारी ठेवायचा कागद म्हणजे टेलिफोनच्या नोंदी. स्निकच्या अटलांटा कचेरीत आणि कोफोच्या जॅक्सन कचेरीत लांब पल्ल्याच्या फोनची खास लाइन होती. गावोगावचे कार्यकर्ते रोज फोन करत, आणि पलीकडचा माणूस ऐकता ऐकता टाइप करे: अमुक गावात दोघांना अटक, अमुक चर्चवर बाँब, गाडीचा नंबर असा. विशेषण नाही, मनातलं काही नाही. 21 जूनला तिघे दुपारी चारपर्यंत परतायचे होते. ते आले नाहीत तेव्हा मेरिडियनच्या कचेरीतून आसपासच्या तुरुंगांना फोन सुरू झाले. नेशोबाच्या तुरुंगातून उत्तर मिळालं की असं कोणी इथे नाही. त्या वेळी तिघेही तिथे कोठडीत होते. कोणाला किती वाजता विचारलं आणि काय उत्तर आलं, याच्या नोंदी आज समोर आहेत. पन्नास वर्षांनी सांगितलेली कोणतीही आठवण इतकी नेमकी असू शकत नाही, आणि तिच्याकडून ती अपेक्षाही करू नये.

तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर द्यायचं तर श्वर्नरची पत्नी रीटा हिच्यापासून सुरुवात करतो. नवरा बेपत्ता असताना, अवघ्या बावीस वर्षांच्या या मुलीने पत्रकारांना सांगितलं की मिसिसिपीचा कृष्णवर्णीय चेनी एकटाच नाहीसा झाला असता तर बाकीच्या अनेक प्रकरणांसारखी याचीही कोणी दखल घेतली नसती. तिचं म्हणणं त्याच उन्हाळ्यात खरं ठरलं. तिघांना शोधता शोधता चार्ल्स मूर आणि हेन्री डी या दोन कृष्णवर्णीय तरुणांची प्रेतं नदीत सापडली. मे महिन्यात त्यांना मारलं होतं. तिघांपैकी कोणी नाही हे कळताच देशाचं लक्ष उडालं. त्यांच्या खुनासाठी एका माणसाला शिक्षा झाली ती 2007 मध्ये.

त्याही आधी, 25 सप्टेंबर 1961 रोजी लिबर्टी गावी हर्बर्ट ली या शेतकऱ्याला राज्याच्या विधिमंडळाच्या सदस्याने भरदिवसा गोळी घातली. ली हा बॉब मोझेसना नोंदणीच्या कामात मदत करत असे. गोळी घालणारा सुटला. खून डोळ्यांनी पाहणारा लुई ॲलन, खरं सांगायची तयारी दाखवल्यावर बराच छळ सोसून, 31 जानेवारी 1964 ला स्वतःच्या फाटकाशी मारला गेला. या दोघांची पत्रं नाहीत. वर्तमानपत्रांशी ओळख असलेले नातेवाईक नाहीत, टाइपरायटर नाही. गोरे विद्यार्थी आठवणींत जास्त दिसतात याचं मुख्य कारण हे. कागद आणि पोस्टाची तिकिटं त्यांच्याकडे होती, आणि त्यांचं लिहिलेलं जपून ठेवणारी घरं होती. देशाने बघावं म्हणूनच त्यांना बोलावलंही होतं. त्यांना आणावं की नाही यावर कार्यकर्त्यांत जोरदार वाद झाला. स्थानिक कृष्णवर्णीय कार्यकर्ते मागे पडतील, शिकलेली गोरी मुलं कचेऱ्या ताब्यात घेतील, ही भीती काही प्रमाणात खरीही ठरली. फॅनी लू हेमरबाई मात्र त्यांना आणण्याच्या बाजूने होत्या. वेगळं ठेवण्याविरुद्ध लढायचं आणि स्वतःच वेगळं राहायचं, हे त्यांना पटणारं नव्हतं.

हेमरबाईंची साक्ष वगळून हा विषय शिकवू नका. त्या रूलव्हिलच्या. अठरा वर्षं एकाच मळ्यावर काम. 31 ऑगस्ट 1962 ला अठरा जण बसने 26 मैलांवरच्या इंडियानोला गावच्या कचेरीत नाव नोंदवायला गेले. हेमरबाईंच्या वाट्याला घटनेचं सोळावं कलम आलं. त्यांच्या आठवणीत ते ‘डी फॅक्टो’ कायद्यांबद्दलचं. पुढे त्या सांगत की घोड्याला नाताळबद्दल जेवढं कळतं तेवढंच मला या कायद्याबद्दल कळत होतं. परतीच्या वाटेवर पोलिसांनी बस अडवली आणि चालकाला दंड केला. गुन्हा काय, तर बसचा रंग नको तितका पिवळा. घरी पोचतात तोच मालकाने बजावलं, अर्ज मागे घे नाहीतर मळा सोड. त्यांचं उत्तर होतं, मी तुमच्यासाठी नाव नोंदवायला गेले नव्हते, माझ्यासाठी गेले होते. त्याच रात्री त्यांना घर सोडावं लागलं. जून 1963 मध्ये वायनोना गावच्या तुरुंगात त्यांना जबर मारहाण झाली. 22 ऑगस्ट 1964 ला अटलांटिक सिटीत डेमोक्रॅटिक पक्षाच्या समितीपुढे त्यांनी हे सगळं सांगितलं. प्रक्षेपण चालू असताना अध्यक्ष जॉन्सन यांनी घाईघाईने पत्रकार परिषद बोलावून कॅमेरे आपल्याकडे वळवले. वाहिन्यांनी संध्याकाळी त्यांचं बोलणं पुन्हा दाखवलं, तेव्हा ते आणखी जास्त लोकांनी ऐकलं. हेमरबाई दोन वर्षं तोच प्रसंग चर्चमध्ये, सभांत सांगत आल्या होत्या. सांगण्यात घासून ती साक्ष सैल झाली नाही, बांधेसूद झाली. मौखिक इतिहासात हे नेहमी होतं, त्याला बनाव समजू नये.

दारोदार हिंडण्याबद्दलची पत्रं मात्र स्वयंसेवकांचीच वाचावीत, कारण तिथे ती फार प्रामाणिक आहेत. ओसरीवर बसलेला म्हातारा गोऱ्या पोराला “होय साहेब, येतो साहेब” म्हणतो, पण कचेरीत जायच्या दिवशी येत नाही. हळूहळू पोराला कळतं की हा होकार नोंदणीला दिलेला नाही. गोऱ्या माणसाला नाही म्हणायचं नसतं हे त्या म्हाताऱ्याला आयुष्याने शिकवलंय, म्हणून तो होय म्हणालाय. ज्या घरात मुलं राहत तिथली माणसं सुरुवातीला त्यांच्या पंगतीला बसायलाही कचरत. त्या उन्हाळ्यात सुमारे 17,000 माणसं अर्ज भरायला गेली आणि सुमारे 1,600 अर्ज मंजूर झाले. पहिल्या आकड्यातला एकेक माणूस म्हणजे अशाच कितीतरी संध्याकाळी.

आता तीस-चाळीस वर्षांनी घेतलेल्या मुलाखतींबद्दल. त्यांत काही गोष्टी ठरलेल्या येतात. साबणाच्या वडीत बुडबुडे किती, असं क्लार्कने विचारलं, हे अनेकांनी सांगितलेलं आहे. छापील अर्जात तो प्रश्न नाही. तोंडी विचारला गेला असेल, आणि एकाने सांगितलेलं दुसऱ्याच्या आठवणीत मिसळलंही असेल. मुलांना तो प्रश्न हमखास लक्षात राहतो, म्हणून सांभाळून वापरा. मला स्वतःला मालकाचं नाव विचारणारा छापील प्रश्न जास्त भयंकर वाटतो. मतदान न करू देण्याची सगळी व्यवस्था त्या एका रकान्यात आहे.

उशिराच्या मुलाखतींचं बलस्थान वेगळं आहे. मराठवाड्यात नामांतराच्या लढ्यातल्या माणसांशी बोलताना माझ्या लक्षात आलं की “आंदोलनात काय झालं” असं विचारलं की पुढाऱ्यांची नावं आणि सभा येतात. “त्या रात्री जेवलात कुठे, झोपलात कुठे, निरोप कोणी आणला” असं विचारलं की घरं येतात, बायका येतात, शेजारी येतात. मिसिसिपीच्या मुलाखतींतही हेच बघा. चांगल्या मुलाखतकाराने जिथे जेवणाखाण्याबद्दल विचारलंय, तिथे माणूस ठोकळेबाज बोलणं सोडतो. आणि मधला एक टप्पाही आहे. 1965च्या उन्हाळ्यात स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या विद्यार्थी रेडिओची मुलं टेपरेकॉर्डर घेऊन दक्षिणेत हिंडली. त्या ध्वनिमुद्रणांत स्वयंसेवक थकलेले आहेत, आपसांत वाद घालताहेत, गोऱ्यांनी इथे राहावं की नाही यावर बोलताहेत. आधीच्या नोव्हेंबरात वेव्हलंडला झालेल्या स्निकच्या बैठकीत संघटनेतल्या स्त्रियांच्या दुय्यम स्थानाबद्दल निनावी टिपण मांडलं गेलं होतं. ही कुरबूर तारुण्याच्या गोड आठवणींत नंतर बरीच पुसट होते, त्यामुळे 1965च्या टेप मोलाच्या.

सुरुवातीसाठी मी होम्स काउंटी सुचवेन. तिथलं माइल्स्टन हे छोटं वस्तीवजा गाव. न्यू डीलच्या, म्हणजे 1930च्या दशकातल्या मंदीवरच्या सरकारी योजनांच्या, काळात सरकारने मळ्याची जमीन घेऊन कृष्णवर्णीय कुळांना विकली, त्यामुळे तिथे स्वतःच्या सातबाऱ्याचे, म्हणजे मालकाला न बांधलेले शेतकरी होते. 9 एप्रिल 1963 ला त्यांतले चौदा जण लेक्झिंग्टनच्या कचेरीत गेले. दारात डेप्युटीने आधी कोण म्हणून दरडावल्यावर हार्टमन टर्नबो पुढे झाले. महिनाभरात त्यांच्या घरावर पेटत्या बाटल्या पडल्या. त्यांनी रायफल उचलून उलट गोळीबार केला, बायकामुलं वाचली. दुसऱ्या दिवशी शेरीफने त्यांनाच अटक केली, स्वतःचं घर स्वतः पेटवल्याच्या आरोपावरून. वर्षभराने स्वयंसेवक आले तेव्हा त्यांनी ज्या घरांत बिनघोर झोप घेतली, त्या घरांच्या ओसरीवर असे शेतकरी बंदूक घेऊन जागे असत. अहिंसेची शपथ घेऊन आलेल्या मुलांच्या पत्रांत या पहाऱ्याचा उल्लेख बिचकत येतो. ती वाक्यं वर्गात जरूर थांबून वाचा. 1967 मध्ये याच काउंटीतून रॉबर्ट क्लार्क विधिमंडळावर निवडून गेले, अमेरिकेतल्या यादवी युद्धामागून आलेल्या पुनर्रचनेच्या काळानंतर मिसिसिपीतले पहिले कृष्णवर्णीय आमदार. मधल्या काळात 6 ऑगस्ट 1965 ला मतदान हक्क कायदा झाला होता आणि 1967 पर्यंत राज्यातली कृष्णवर्णीयांची नोंदणी साठ टक्क्यांच्या घरात गेली होती.

आपल्या मुलांना जवळचे वाटतील असे दोन धागेही देतो, दोन्ही खरे. जेम्स लॉसन हे मेथडिस्ट पंथाचे तरुण 1953 ते 1956 नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजात होते. सत्याग्रहाचा अभ्यास त्यांनी इथे केला. परत गेल्यावर नॅशव्हिलच्या विद्यार्थ्यांचे अहिंसेचे वर्ग त्यांनी घेतले, आणि त्या वर्गांतले बर्नार्ड लाफियेट 1963 मध्ये अलाबामातल्या सेल्मा गावी मतदार नोंदणीला जाऊन राहिले. जॉन लुईसही त्याच वर्गांतले. 7 मार्च 1965 ला सेल्माच्या पुलावर पोलिसांच्या लाठीने डोकं फुटलेले ते हेच.

दुसरा धागा सेल्माशेजारच्या लाउंड्स काउंटीतला. तिथे कृष्णवर्णीय बहुसंख्य होते, आणि 1965 उजाडलं तेव्हा त्यांतला एकही मतदार यादीत नव्हता. नोंदणी सुरू झाल्यावर तिथल्या लोकांनी स्निकच्या मदतीने स्वतःचा पक्ष काढला. अलाबामात निरक्षर मतदारांसाठी मतपत्रिकेवर पक्षाचं चिन्ह असे. गोऱ्यांच्या डेमोक्रॅटिक पक्षाचं चिन्ह होतं पांढरा कोंबडा. लाउंड्सच्या लोकांनी काळा पँथर घेतला. नोव्हेंबर 1966 ची निवडणूक ते हरले, पण तोवर ते चिन्ह कॅलिफोर्नियातल्या ओकलंडला पोचलं होतं आणि तिथे ब्लॅक पँथर पार्टी उभी राहिली होती. त्या नावावरून 1972 मध्ये मुंबईत दलित पँथर. निवडणूक चिन्हांच्या देशात वाढलेल्या मुलांना हे चटकन भिडेल.

प्रत्यक्ष तासाला असं करून बघा. हेमरबाईंच्या साक्षीचं ध्वनिमुद्रण आठेक मिनिटांचं आहे, ते आधी ऐकवा. मग अर्ज भरायला द्या आणि एका मुलाला क्लार्क करून बाकीच्यांना हवं तसं नापास करायला सांगा. त्यानंतर होम्स काउंटीतल्या स्वयंसेवकांची पत्रं, त्याच आठवड्यांच्या फोनच्या नोंदी आणि स्थानिकांची शपथपत्रं गटागटांत वाटा. प्रत्येक गटाने पत्रांत आलेल्या स्थानिक माणसांची यादी करायची, अगदी “आमच्या घरमालकीणबाई” एवढाच उल्लेख असला तरी, आणि त्यातलं कोण नावानिशी शपथपत्रात सापडतं ते शोधायचं. काही सापडतील. या कामाला दोन तास पुरणार नाहीत, चार ठेवा.